लाल-निळ्या जर्सीची वाटचाल

मेलबर्न फुटबॉल क्लबमध्ये हंगाम संपला की वर्षभरातल्या सर्वोत्तम खेळाडूला एक पदक देतात. त्यावर नाव आहे कीथ ‘ब्लूई’ ट्रस्कॉटचं, आणि बोलताना तिथले सगळे त्या पदकाला नुसतं ‘ब्लूई’ म्हणतात. अमक्याला यंदाचं ब्लूई मिळालं, तमक्याच्या नावावर चार ब्लूई आहेत, अशी तिथली भाषा. ज्याच्या नावाचं हे पदक तो ट्रस्कॉट मात्र क्लबकडून अवघे पन्नास सामने खेळला. खेळाडू चांगला होता, पण हंगामातला सर्वोत्तम म्हणून त्याची निवड एकदाही झाली नाही. त्याच्या आधी आणि नंतर या क्लबमध्ये त्याच्याहून कितीतरी मोठे खेळाडू होऊन गेले. त्यांच्यापैकी कुणाचं नाव दिलं असतं तरी कुणी हरकत घेतली नसती. क्लबनं ट्रस्कॉटचं दिलं. हा निर्णय समजून घ्यायचा तर क्लबची सगळी वाटचाल पाहावी लागते, आणि तिच्यातली १९३९ ते १९४६ ही वर्षं थांबून पाहावी लागतात.

वाटचाल सुरू होते ती क्रिकेटपासून. टॉम विल्स हा व्हिक्टोरिया वसाहतीतला नावाजलेला क्रिकेटपटू. इंग्लंडात रग्बी शाळेत शिकून आलेला. जुलै १८५८ मध्ये त्यानं मेलबर्नच्या एका क्रीडा साप्ताहिकाला पत्र लिहिलं: हिवाळ्यात क्रिकेटपटू आळसावतात, त्यांचं अंग मोकळं राहावं म्हणून एक फुटबॉल क्लब काढावा. पुढच्या वर्षी, मे १८५९ मध्ये, क्लब रीतसर उभा राहिला आणि १७ मे रोजी ईस्ट मेलबर्नमधल्या परेड हॉटेलात बसून विल्स आणि त्याच्या सोबत्यांनी खेळाचे दहा नियम लिहून काढले. इंग्लंडमध्ये फुटबॉल असोसिएशन स्थापन होऊन आज जगभर खेळला जातो त्या फुटबॉलचे नियम ठरले ते १८६३ मध्ये. म्हणजे मेलबर्नच्या मंडळींनी त्याच्या चार वर्षं आधीच आपला खेळ कागदावर आणला होता.

खेळ कसा, तेही सांगायला हवं. मैदान क्रिकेटचंच, लंबवर्तुळाकार आणि अवाढव्य. प्रत्येक बाजूला अठरा गडी. चेंडू अंड्याच्या आकाराचा. तो लाथेनं मारायचा किंवा एका तळहातावर धरून दुसऱ्या मुठीनं ठोसून सोबत्याकडे द्यायचा. फेकायचा मात्र नाही. हातात घेऊन पळायचं असेल तर थोड्या थोड्या अंतरावर तो जमिनीवर टप्पा मारून पुन्हा झेलावा लागतो. लांबून आलेला चेंडू कुणी हवेतच स्वच्छ झेलला की खेळ क्षणभर थांबतो आणि त्याला निवांत लाथ मारायची संधी मिळते. त्या झेलासाठी गडी एकमेकांच्या खांद्यांवर गुडघे टेकून उंच झेपावतात, आणि लोक पैसे मोजून येतात ते बहुतेक याच झेपांसाठी. मैदानाच्या दोन्ही टोकांना चार-चार खांब. मधल्या दोन खांबांतून चेंडू गेला की गोल, त्याचे सहा गुण. बाजूच्या खांबांतून गेला की एक गुण.

विल्सचं आयुष्य पुढे फार वेडंवाकडं गेलं. १८६१ मध्ये क्वीन्सलंडात त्याच्या वडिलांना मूलनिवासी लोकांनी ठार केलं. त्या ठिकाणी त्या दिवशी हजर नसल्यामुळे विल्स वाचला. आणि पाचच वर्षांनी हाच माणूस व्हिक्टोरियातल्या मूलनिवासी खेळाडूंचा क्रिकेट संघ घडवत होता. १८६६ च्या नाताळाच्या दुसऱ्या दिवशी त्यानं तो संघ मेलबर्न क्रिकेट मैदानावर उतरवला. त्या संघात जॉनी मुलाघ होता. डिसेंबर २०२० मध्ये, ॲडलेडला ३६ धावांत गडगडलेल्या भारतीय संघाला अजिंक्य रहाणेनं याच मैदानावर शतक ठोकून सावरलं, सामना जिंकून दिला, आणि त्याच्या गळ्यात जे पदक पडलं ते या मुलाघच्या नावाचं होतं. त्या नावाचं ते पहिलंच पदक. मुंबईच्या फलंदाजाचा आणि मेलबर्न फुटबॉल क्लबच्या संस्थापकाचा धागा असा एका मूलनिवासी खेळाडूच्या नावापाशी जुळतो.

क्लबच्या पुढच्या काही दशकांबद्दल फार थांबायला नको. १८९६ मध्ये आठ क्लबांनी मिळून व्हिक्टोरियन फुटबॉल लीग काढली, तिच्यात मेलबर्न होता. १९०० मध्ये एक विजेतेपद, १९२६ मध्ये दुसरं. मधली बरीच वर्षं तळाशी गेली. १९३० मध्ये लीगनं खेळाडूंच्या मोबदल्यावर आठवड्याला तीन पौंडांची मर्यादा घातली. त्यामुळे सगळेच खेळाडू दिवसभर कुठे कारकून, कुठे शिक्षक, कुठे कारखान्यातले कामगार; संध्याकाळी सराव आणि शनिवारी सामना.

१९३३ मध्ये फ्रँक ‘चेकर’ ह्यूज हे प्रशिक्षक म्हणून आले. पहिल्या महायुद्धात लढून आलेला हा माणूस. आदल्याच वर्षी शेजारच्या रिचमंडला त्यांनी अजिंक्य केलं होतं. तोवर मेलबर्नच्या संघाला लोक ‘फ्यूशिया’ म्हणत, बागेतल्या एका नाजूक लाल-जांभळ्या फुलाचं नाव. ह्यूज यांना ते पटलं नाही. माना वर करा आणि राक्षसांसारखे खेळा, असं ते खेळाडूंना म्हणाले, आणि तेव्हापासून क्लबचं टोपणनाव ‘डीमन्स’ झालं ते आजतागायत आहे. जर्सी गडद निळी, छातीवर लाल. संघ उभारायला ह्यूज यांना सहा वर्षं लागली.

त्या उभारणीतला एक मुलगा म्हणजे ट्रस्कॉट. जन्म १७ मे १९१६, मेलबर्नच्याच प्रान उपनगरात. केस लालभडक, आणि लाल केसांच्या माणसाला ‘ब्लूई’ म्हणजे ‘निळ्या’ म्हणायची ऑस्ट्रेलियात जुनी खोड आहे, म्हणून हा ब्लूई. मेलबर्न हायस्कूलमध्ये शिकला. तिथे बिल वुडफुल शिक्षक होते. तेच वुडफुल, जे बॉडीलाइन मालिकेत ऑस्ट्रेलियाचे कर्णधार होते. त्याच शाळेत ट्रस्कॉटच्या मागोमाग आणखी एक कीथ शिकला. कीथ मिलर. क्रिकेटच्या चाहत्यांना त्याची ओळख करून द्यायची गरज नाही. पण तो सेंट किल्डा क्लबकडून याच लीगमध्ये फुटबॉलही खेळला, युद्धात लढाऊ विमानं उडवली, आणि १९४५ च्या हिवाळ्यात ऑस्ट्रेलियन सर्व्हिसेस संघातून मुंबईत ब्रेबॉर्न स्टेडियमवर खेळायला आला. समोर विजय मर्चंट यांचा संघ होता. मिलर युद्धातून परत आला. ट्रस्कॉट आला नाही.

ट्रस्कॉट मेलबर्नकडून पहिला सामना खेळला १९३७ मध्ये. ठेंगणा, रुंद खांद्यांचा, पुढच्या फळीतला गडी. वेगाचा नव्हता, पण अंगावर येणाऱ्याला चुकवायचा नाही. सगळ्यांना आवडणारा, बोलका, खोडकर. संघात त्याच्याहून थोर खेळाडू होते: नॉर्म स्मिथ, पर्सी बीम्स, कर्णधार ॲलन ला फाँटेन. आणि कारखान्यातल्या अपघातात बोटं गमावलेला जॅक म्यूलर, जो तरीही चेंडू असा झेलायचा की धडधाकट हातांच्या लोकांनी पाहत राहावं.

३ सप्टेंबर १९३९ रोजी युद्ध जाहीर झालं. त्याच महिन्याच्या शेवटच्या शनिवारी मेलबर्न क्रिकेट मैदानावर अंतिम सामना झाला, आणि तो पाहायला ७८ हजारांवर लोक आले. मेलबर्ननं कॉलिंगवूडला ५३ गुणांनी हरवलं. तेरा वर्षांनी कप घरी आला. युरोपातल्या बातम्या वर्तमानपत्रांत रोज येत होत्या, तरी युद्ध अजून लांबचं वाटत होतं.

पुढच्या वर्षी ते उंबऱ्याशी आलं. जुलै १९४० मध्ये ट्रस्कॉट हवाई दलात भरती झाला. प्रशिक्षण चालू असताना सुटी काढून तो अंतिम सामन्याला उतरला. २८ सप्टेंबर १९४०. समोर रिचमंड. नॉर्म स्मिथनं एकट्यानं सात गोल केले आणि मेलबर्न ३९ गुणांनी जिंकला. त्या दिवशी राखीव म्हणून बसलेला एकोणिसावा गडी होता रॉन बरासी, गिल्डफर्ड या छोट्या गावातून आलेला, ५८ सामने खेळलेला. तोही सैन्यात दाखल झाला होता. बरासीचा तो शेवटचा सामना. ट्रस्कॉटला अजून एक सामना मिळायचा होता, पण विजेतेपदाचा जल्लोष त्याच्याही वाट्याला पुन्हा आला नाही. त्या संघाच्या खेळाडूंना आपण एकत्र शेवटचे खेळतोय याची कल्पना नव्हती, असं म्हणवत नाही. होती. अर्धे जण गणवेशातच होते.

बरासी उत्तर आफ्रिकेत गेला. तोब्रुकच्या वेढ्यात, ३१ जुलै १९४१ रोजी, तो मारला गेला. घरी पाच वर्षांचा मुलगा, बापाच्याच नावाचा. (तोब्रुक पुढच्या वर्षी जूनमध्ये पडलं तेव्हा मराठा लाइट इन्फंट्रीची दुसरी पलटण तिथे होती आणि कैद झाली, या गावाचं नाव मेलबर्नइतकंच आपल्याकडच्याही काही घरांत घेतलं गेलं असणार.) १९४१ च्या सप्टेंबरात मेलबर्ननं एसेंडनला २९ गुणांनी हरवून लागोपाठ तिसरा कप जिंकला.

ट्रस्कॉट तोवर इंग्लंडात स्पिटफायर विमानं उडवत होता. पण त्याआधी त्याच्या वैमानिक होण्याची गोष्ट सांगितली पाहिजे, कारण पुढचं सगळं तिच्यात आहे. उडवायला तो ठीक होता, उतरवायला वाईट. धावपट्टी जवळ आली की उंचीचा त्याचा अंदाज चुकायचा. जमीन अजून पाच-सहा मीटर खाली असतानाच तो विमान सरळ करायचा आणि मग विमान धप्पकन खाली आदळायचं. दुसरा कुणी असता तर प्रशिक्षणातूनच घरी गेला असता, लोकप्रिय फुटबॉलपटू होता म्हणून निभावलं, असं त्याच्याबद्दल बोललं जाई. पुढे काय घडलं ते पाहता, त्याला पुढे जाऊ देणाऱ्यांनी योग्यच केलं.

कॅनडात पुढचं प्रशिक्षण घेऊन तो १९४१ मध्ये ४५२ व्या स्क्वाड्रनमध्ये रुजू झाला. ब्रिटनमध्ये उभी राहिलेली ही ऑस्ट्रेलियन लढाऊ विमानांची तुकडी. तिच्यात आयर्लंडचा पॅडी फिनुकेन होता. दोघांची जोडी जमली आणि दोघांची नावं इंग्लंडच्या वर्तमानपत्रांतून ऑस्ट्रेलियात पोचली. फ्रान्सच्या किनाऱ्यावर रोजच्या मोहिमा. नोव्हेंबरमध्ये विमान निकामी होऊन ट्रस्कॉट इंग्लिश खाडीत पडला. बोटीनं त्याला बाहेर काढलं, आणि तो पुन्हा कामावर गेला. १९४२ च्या सुरुवातीला तुकडीचं नेतृत्व त्याच्याकडे आलं. शौर्याचं डीएफसी पदक दोन वेळा मिळालं. दहाहून अधिक शत्रूविमानं त्याच्या नावावर लागली होती. फुटबॉलच्या मैदानावर पुढच्या फळीतला एक बरा गडी असलेला हा माणूस हवेत मात्र देशातल्या पहिल्या काही वैमानिकांत जाऊन बसला.

डिसेंबर १९४१ मध्ये जपान युद्धात उतरला आणि ऑस्ट्रेलियाला आपल्या दाराचं रक्षण करायला आपली माणसं परत हवी झाली. फेब्रुवारी १९४२ मध्ये सिंगापूर पडलं. तिथे हॅरॉल्ड बॉल होता, १९३९ आणि १९४० च्या विजयी संघातला उंचापुरा गडी, मिल्ड्युराकडच्या द्राक्षमळ्यांच्या मुलखातून आलेला, नुकती विशी ओलांडलेला. सैन्यात तो वैद्यकीय तुकडीत होता, जखमींना उचलून नेणाऱ्यांत. जपानी सैनिकांच्या हाती सापडला आणि मारला गेला.

ट्रस्कॉट मायदेशी आला तेव्हा तो देशाचा लाडका झाला होता. मे १९४२ मध्ये त्यानं मेलबर्नकडून आणखी एक सामना खेळला, रिचमंडविरुद्ध. पन्नासावा. जर्सी तीच होती, पण घरचं मैदान नव्हतं, कारण मेलबर्न क्रिकेट मैदान लष्करानं ताब्यात घेतलं होतं.

ते मैदान म्हणजे मेलबर्न क्लबचं घर, आणि या घराचं युद्धकाळात काय झालं हे क्लबच्या वाटचालीत नेहमी एका ओळीत उरकतात. मला ते अन्यायाचं वाटतं. एप्रिल १९४२ पासून तिथे आधी अमेरिकी हवाई दल, मग ऑस्ट्रेलियाचं हवाई दल राहिलं. १९४३ मध्ये ग्वाडलकनालच्या लढाईतून आलेले अमेरिकी मरीन सैनिक आले. हजारो तरुण, अनेकांच्या अंगात मलेरिया. प्रेक्षकांच्या पायऱ्यांवर त्यांच्या झोपायच्या खाटा मांडल्या, छप्पर होतं पण बाजू उघडी, आणि मेलबर्नचा हिवाळा काही साधा नसतो. जिथे तीन वर्षांपूर्वी पाऊण लाख लोक उभं राहून नॉर्म स्मिथचे गोल मोजत होते तिथे आता मोजे आणि सदरे वाळत पडले. मेलबर्नचा संघ शेजारी रिचमंडच्या पंट रोड मैदानावर पाहुणा म्हणून खेळू लागला. १९४२ ते १९४५ या काळात एकही अंतिम सामना त्या मोठ्या मैदानावर झाला नाही. पेट्रोल आणि प्रवासावरच्या बंधनांमुळे जीलाँग क्लब दोन हंगाम लीगमधून बाहेरच राहिला. सर्वोत्तम खेळाडूचं ब्राउनलो पदक लीगनं चार वर्षं दिलं नाही. फुटबॉल बंदच करावं, असंही अनेकांचं म्हणणं होतं. लीग चालू राहिली, आणि ते बरं झालं असं मी मानतो. कामगार वस्त्यांना शनिवारी दुपारी जायला एक जागा राहिली. मेलबर्नच्या संघात मात्र खेळायला माणसंच उरेनात. लागोपाठ तीन कप जिंकलेला संघ १९४२ मध्ये एकदम खाली घसरला.

ट्रस्कॉटला ७६ व्या स्क्वाड्रनमध्ये पाठवलं, किटीहॉक विमानांवर. ऑगस्ट १९४२ मध्ये ही तुकडी न्यू गिनीच्या मिल्न बे इथे होती. तिथली धावपट्टी म्हणजे चिखलावर अंथरलेल्या लोखंडी जाळ्या. रोज पाऊस. विमान उतरलं की जाळीखालून चिखलाचे फवारे उडून काचा आणि पंख माखायचे. जपानी फौजा उतरल्या तेव्हा किटीहॉक धावपट्टीवरून उठायच्या, चाकं पुरती आत जायच्या आधीच नारळाच्या बागांवर गोळ्या झाडायच्या आणि लगेच उतरून पुन्हा दारूगोळा भरायच्या. लढाई इतकी जवळ. २७ ऑगस्टला तुकडीप्रमुख पीटर टर्नबुल मारला गेला आणि सूत्रं ट्रस्कॉटकडे आली. सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात जपान्यांनी माघार घेतली. जमिनीवर लढणाऱ्या सेनापतींनी या विजयाचं मोठं श्रेय किटीहॉकच्या दोन तुकड्यांना दिलं. उतरायला कच्चा असलेल्या वैमानिकानं त्या चिखलात किती वेळा विमान उतरवलं असेल.

पुढे तुकडी डार्विनला गेली. जानेवारी १९४३ मध्ये रात्रीच्या हल्ल्यात आलेलं एक जपानी बॉम्बफेकी विमान त्यानं पाडलं. ते शेवटचं. मार्चमध्ये तुकडी पश्चिम किनाऱ्यावरच्या एक्समाउथ आखातात होती, अमेरिकी पाणबुड्यांच्या तळाचं रक्षण करायला. २८ मार्च १९४३ ची दुपार. एक कॅटलिना विमान समुद्रावरून तळाकडे परत येत होतं. ट्रस्कॉट आणि त्याचा सोबती हवेत होते. सराव म्हणून त्यांनी कॅटलिनावर लुटुपुटूचा हल्ला चढवायचं ठरवलं. कॅटलिना पाण्याजवळून, अगदी खालून येत होती. समुद्र त्या दिवशी आरशासारखा सपाट. वर आकाश, खाली आकाश, मध्ये पाणी कुठे सुरू होतं ते दिसेना. ट्रस्कॉटनं सूर मारला आणि विमान वर घेण्याआधीच ते पाण्यावर आदळलं. उंचीचा अंदाज. तो सव्वीस वर्षांचा होता. पर्थच्या कॅराकाटा स्मशानभूमीत त्याला पुरलं.

त्याच्या संघातला सिड अँडरसन, तिन्ही विजयी अंतिम सामन्यांत खेळलेला, मे १९४४ मध्ये न्यू गिनीत ब्यूफोर्ट विमानासह गेला. लागोपाठच्या तीन विजयी संघांमधले चौघे युद्धात गेले: बरासी, बॉल, ट्रस्कॉट, अँडरसन.

यानंतर क्लबनं जे केलं त्यातच मला या संस्थेचा खरा स्वभाव दिसतो. स्मारकाचा दगड उभारून त्यावर नावं कोरली असती तर ती योग्यच होती, पण वर्षातून एकदा फुलं वाहून लोक घरी गेले असते. क्लबनं नावं खेळात ठेवली. सर्वोत्तम खेळाडूच्या पदकाला ट्रस्कॉटचं नाव दिलं. दुसऱ्या क्रमांकाच्या चषकाला अँडरसनचं, तिसऱ्याच्या चषकाला बरासीचं. आणि पदार्पणाच्या वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूच्या चषकाला हॅरॉल्ड बॉलचं, कारण त्यानं स्वतः १९३९ मध्ये तरणाबांड नवखा म्हणून सगळ्यांचं लक्ष वेधलं होतं. ही वाटणी विचारपूर्वक झाली आहे. गावाकडून पहिल्यांदा आलेला अठरा वर्षांचा पोरगा चषक हातात घेतो आणि विचारतो, हा बॉल कोण. मग कुणीतरी त्याला सांगतो. दरवर्षी कुणालातरी हे सांगावं लागतं.

क्लबनं आणखी एक काम केलं, आणि ते माझ्या मते सर्वांत मोठं. बरासीच्या मागे राहिलेल्या मुलाकडे लक्ष ठेवलं. नॉर्म स्मिथ बरासीचा जिवलग सोबती होता. मुलगा मोठा होत गेला, फुटबॉल खेळू लागला, पण लीगच्या नियमानुसार तो राहत होता तो भाग दुसऱ्या क्लबच्या हद्दीत पडत होता. बापाच्या क्लबकडून मुलाला खेळता यावं म्हणून मेलबर्ननं लीगकडे पाठपुरावा केला, आणि पिता-पुत्र नियम अस्तित्वात आला. तो नियम ऑस्ट्रेलियन फुटबॉलमध्ये आजही आहे. आजचे अनेक तारे त्याच्याच जोरावर बापाच्या क्लबकडून खेळतात, आणि त्याच्या मुळाशी तोब्रुकमध्ये मेलेला एक राखीव गडी आहे हे त्यांच्यातल्या सगळ्यांना ठाऊक असेलच असं नाही.

आई दुसरं लग्न करून टास्मानियाला गेली तेव्हा धाकटा बरासी मेलबर्नमध्येच राहिला, नॉर्म स्मिथच्या घरी, परसातल्या छोट्या खोलीत. स्मिथ तेव्हा, १९५२ पासून, मेलबर्नचे प्रशिक्षक होते. १९५३ मध्ये मुलानं पहिला सामना खेळला तो ३१ क्रमांकाची जर्सी घालून. बापाचाच क्रमांक. घरात बापासारखे आणि मैदानावर निष्ठुर असे स्मिथ, आणि त्यांच्या हाताखाली हा हट्टी, तापट, कधी न थकणारा पोरगा. या जोडीनं क्लबला जे दिलं ते पुन्हा कुणाला जमलं नाही. १९५५, १९५६, १९५७, १९५९, १९६०, १९६४. सहा कप.

त्याआधी, युद्धानंतर मोठ्या मैदानावर झालेला पहिला अंतिम सामना मेलबर्न १९४६ मध्ये एसेंडनकडून हरला होता. मैदान त्याच वर्षी ऑगस्टमध्ये परत मिळालं होतं. १९४८ मध्ये एसेंडनविरुद्धचाच अंतिम सामना बरोबरीत सुटला, असं आधी कधी घडलं नव्हतं. पुढच्या शनिवारी पुन्हा खेळून मेलबर्न जिंकला. मैदानावर जॅक म्यूलर होता, ह्यूज प्रशिक्षक होते. युद्धापूर्वीच्या संघाचा तो शेवटचा कप.

१९६४ नंतरची वर्षं दुःखाची आहेत. हंगाम संपताच बरासी कर्णधार-प्रशिक्षक म्हणून कार्लटनला गेला. पुढच्याच वर्षी, १९६५ मध्ये, क्लबनं नॉर्म स्मिथ यांना काढून टाकलं आणि काही दिवसांत परत घेतलं. ज्या संस्थेनं आपल्या मेलेल्यांना इतकं जपलं तिनं आपल्या जिवंत थोर माणसाला असं वागवावं, हा क्लबच्या इतिहासातला काळा डाग आहे, आणि तो लपवण्यात अर्थ नाही. १९६४ च्या कपानंतर पुढचा कप यायला ५७ वर्षं लागली. १९९६ मध्ये तर पैशांची तंगी एवढी वाढली की हॉथॉर्न क्लबात विलीन व्हायचा प्रस्ताव आला. मेलबर्नच्या सभासदांनी हो म्हटलं. हॉथॉर्नच्या सभासदांनी नाही म्हटलं, म्हणून क्लब वाचला.

मधल्या काळात बरासी प्रशिक्षक होऊन परत आला, १९८१ मध्ये. कप आणला नाही, पण आयर्लंडमधल्या गेलिक फुटबॉलच्या तरुण मुलांना हा खेळ शिकवायची त्याची कल्पना होती, आणि त्या मुलांत डब्लिनचा जिम स्टाइन्स आला. उंच, काटकुळा, लंबगोल चेंडू पहिल्यांदाच हातात घेणारा. १९९१ मध्ये त्यानं ब्राउनलो पदक मिळवलं. एकही सामना न चुकवता सलग २४४ सामने खेळला, हा विक्रम आहे. चार वेळा त्याला ब्लूई ट्रस्कॉट पदक मिळालं. २००८ मध्ये तो क्लबचा अध्यक्ष झाला, पुढच्या वर्षी त्याला कर्करोग असल्याचं कळलं, आणि उपचार चालू असताना त्यानं क्लबचं कर्ज फेडून दाखवलं. २०१२ मध्ये तो गेला. युद्धाशी त्याचा काही संबंध नव्हता. पण क्लबच्या वाटचालीत त्याचं नाव मी त्या चौघांच्या जवळच ठेवीन.

कप आला तो २५ सप्टेंबर २०२१ रोजी. कोविडमुळे मेलबर्नमध्ये टाळेबंदी होती म्हणून अंतिम सामना तीन हजार किलोमीटर लांब पर्थला हलवला होता, ट्रस्कॉट जिथे पुरला आहे त्या शहरात. तिसऱ्या सत्रात मेलबर्न मागे पडला होता आणि मग वेस्टर्न बुलडॉग्जना त्यांनी अक्षरशः उडवून लावलं: १४० विरुद्ध ६६. क्लबच्या हजारो म्हाताऱ्या सभासदांनी तो घरात बसून टीव्हीवर पाहिला. पुढच्या वर्षी महिलांच्या संघानंही विजेतेपद मिळवलं. रॉन बरासी २०२३ च्या सप्टेंबरमध्ये सत्त्याऐंशीव्या वर्षी गेला, तोवर दोन्ही कप त्यानं पाहिले होते.

२५ एप्रिल हा ऑस्ट्रेलियात युद्धातल्या मृतांच्या स्मरणाचा दिवस. २०१५ पासून त्याच्या आदल्या संध्याकाळी मेलबर्न आणि रिचमंड यांच्यात मेलबर्न क्रिकेट मैदानावर सामना होतो. खेळ सुरू होण्याआधी दिवे मंद करून स्मरणज्योत पेटवतात आणि हजारो लोक उभे राहतात. सामन्यातल्या सर्वोत्तम खेळाडूला जे पदक देतात त्यावर फ्रँक ‘चेकर’ ह्यूज यांचं नाव आहे: पहिल्या महायुद्धातून परत आलेले, दोन्ही क्लबना कप मिळवून देणारे, आणि ट्रस्कॉट, बॉल, बरासी, अँडरसन या चौघांना शनिवारच्या संघात निवडणारे प्रशिक्षक.